घरकर्जाचा वीस वर्षांचा हिशेब
(वर्षावासातील कार्यक्रमात केलेल्या भाषणाचा मजकूर)



विहारात कर्जाविषयी भाषण कशासाठी, असा प्रश्न काही उपासकांच्या मनात आला असेल. परंतु तथागतांनी गृहस्थांना केलेल्या उपदेशात कर्जाचा विषय वारंवार आलेला आहे. श्रावस्तीच्या जेतवनात अनाथपिंडिकाला त्यांनी गृहस्थाची चार सुखे सांगितली. धन असण्याचे सुख, ते योग्य रीतीने उपभोगण्याचे सुख, कोणाचेही देणे नसण्याचे सुख आणि निर्दोष वर्तनाचे सुख, अशी ती चार आहेत. यातील तिसऱ्याला पालीत अनणसुख म्हणतात. अंगुत्तर निकायातच इण म्हणजे ऋण या विषयावर आणखी एक सुत्त आहे. दारिद्र्यातून कर्ज, कर्जातून व्याज, व्याज थकले की तगादा, तगाद्यानंतर पाठलाग आणि शेवटी बंधन, अशी पायरी पायरीने उतरण त्यात दाखविली आहे. व्याजाला तेथे वड्ढि हा शब्द आहे. गावी आपले आजोबा-पणजोबा सावकाराकडून वाढी-दिढीने धान्य आणीत, त्यातील वाढी हीच.

मात्र याच तथागतांनी दीघनिकायात एका माणसाचा दृष्टान्त दिला आहे. तो कर्ज काढून धंदा करतो, धंदा चालतो, तो कर्ज फेडतो आणि बायकामुलांसाठी चार पैसे उरतात म्हणून आनंदित होतो. म्हणजे कर्ज काढूच नये असा धम्माचा आग्रह नाही. कर्ज कशासाठी काढले, ते कसे फिटणार आणि फिटल्यावर हाती काय उरणार, याचा विचार आधी करा, एवढेच त्यातून घ्यायचे आहे. आम्हीही आज घरकर्जाच्या विरोधात बोलण्यासाठी उभे राहिलेलो नाही. गावकुसाबाहेरच्या वस्तीतून चाळीत, चाळीतून किंवा झोपडीतून स्वतःच्या नावाच्या दोन खोल्यांत, हा आपल्या समाजाचा प्रवास लहानसहान नव्हे. परंतु बदलापूर, अंबरनाथपासून नागपूरपर्यंत आपली तरुण मंडळी आज जी कर्जे काढीत आहेत, त्यांची खरी किंमत सही करताना बहुतेकांना कळलेली नसते. "हप्ता किती बसतो?" एवढेच आपण विचारतो. हप्ता झेपतो असे वाटले की पेढे वाटतो.

आता थोडे आकडे मांडतो. कंटाळा करू नका. विद्यार्थ्यांनी तर वहीत उतरून घ्यावेत आणि घरी ताडून पाहावेत.

समजा २५ लाखांची सदनिका आहे. ५ लाख आपण भरले आणि २० लाखांचे कर्ज साडेआठ टक्के दराने २० वर्षांसाठी काढले. हप्ता बसतो महिन्याला १७,३५६ रुपये. असे २४० हप्ते भरायचे, म्हणजे एकूण ४१ लाख ६५ हजार. घेतले २० लाख, दिले पावणेबेचाळीस लाखांच्या आसपास. हे अनेकांना ठाऊक असते, निदान ऐकलेले तरी असते. ठाऊक नसते ते याच्या पोटातले.

पहिल्या महिन्याच्या १७,३५६ रुपयांतून १४,१६७ रुपये व्याजाचे जातात. मुद्दल फिटते ३,१८९ रुपये. दुसऱ्या महिन्यात व्याज थोडे कमी, मुद्दल थोडे अधिक, असे अगदी मुंगीच्या पावलांनी चालते. पाच वर्षांत तुम्ही १० लाख ४१ हजार रुपये भरलेले असतात आणि कर्ज कमी झालेले असते २ लाख ३७ हजारांनी. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत संपल्यावर, भरणा होतो २० लाख ८३ हजारांचा. जेवढे घेतले त्याहून जास्त देऊन झाले. आणि बाकी? १४ लाख. अर्धी वाट चालून झाली तरी सत्तर टक्के ओझे डोक्यावर तसेच असते. यात बँकेची लबाडी नाही. ज्या महिन्यात जेवढे मुद्दल शिल्लक तेवढ्यावरच व्याज, असा हा सरळ हिशेब आहे. पण सुरुवातीला मुद्दल मोठे म्हणून व्याज मोठे, आणि हप्ता सारखाच ठेवायचा म्हणून मुद्दलाच्या वाट्याला उरलेसुरले येते.

आता हा हिशेब आपल्या संसारावर ठेवून पाहू. कर्ज काढले तेव्हा मुलगी सहा वर्षांची होती असे समजा. बारा वर्षांनी ती अठरा वर्षांची होते, बारावी पास होते आणि वैद्यकीय किंवा अभियांत्रिकी प्रवेशाच्या दारात उभी राहते. त्या दिवशी तुमच्या कर्जाची स्थिती काय असते? २५ लाख रुपये भरून झालेले आणि १२ लाख अजून बाकी. मॅट्रिकोत्तर शिष्यवृत्तीला वार्षिक अडीच लाख रुपये उत्पन्नाची मर्यादा आहे. महिना सतरा हजारांचा हप्ता फेडणारे घर बहुधा त्या मर्यादेच्या बाहेर असते. शिक्षणशुल्कात सवलत मिळाली तरी वसतिगृह, खाणावळ, पुस्तके आणि शिकवणी यांचा खर्च उरतोच. मग मुलीला सांगितले जाते, "जवळच्या कॉलेजात बी. एस्सी. कर, पुढचे पुढे बघू." बाबासाहेबांनी आपल्याला शिक्षणाचा मार्ग दाखविला. त्या मार्गावर आडवा येणारा दगड प्रत्येक वेळी बाहेरच्या कोणी ठेवलेला नसतो. आपण बारा वर्षांपूर्वी केलेली एक सहीही तेथे आडवी येते. म्हणून आम्हाला हा विषय विहारात मांडण्याइतका मोठा वाटतो.

मुदतीविषयी विशेष सांगायचे आहे, कारण खरी फसगत येथेच होते. हेच २० लाखांचे कर्ज ३० वर्षांसाठी घेतले तर हप्ता १५,३७८ रुपये बसतो. महिन्याला १,९७८ रुपये वाचले म्हणून आपण खूश होतो. पण एकूण भरणा होतो ५५ लाख ३६ हजार. म्हणजे महिना दोन हजारांच्या सोयीसाठी १३ लाख ७० हजार रुपये जादा. उलट १५ वर्षांसाठी घेतले तर हप्ता १९,६९५ रुपये, एकूण ३५ लाख ४५ हजार. येथे महिना २,३३८ रुपये जास्त काढले तर ६ लाख २० हजार वाचतात. बांधकाम व्यावसायिकाच्या कार्यालयात बसलेला कर्जाचा दलाल तुम्हाला ३० वर्षांचा हप्ता सांगेल, कारण त्यामुळे तुमच्या पगारात मोठे घर बसते. त्याचे काम घर विकण्याचे आहे, तो ते करतो. आपण मात्र तीनही मुदतींचे आकडे एका कागदावर शेजारी शेजारी लिहून घरच्या सर्वांनी पाहावेत. विशेषतः घरातील बाईने पाहावेत, कारण पुढे काटकसर तिलाच करायची असते.

येथे कोणी अर्थशास्त्राचा विद्यार्थी उठून म्हणेल, "साहेब, वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा नसतो. आजचे २० लाख आणि पुढे तुकड्यातुकड्याने द्यायचे ४१ लाख यांची सरळ वजाबाकी कशी करता?" त्याचे म्हणणे बरोबर आहे. बाबासाहेबांचा रुपयाच्या प्रश्नावरील ग्रंथ १९२३ साली प्रसिद्ध झाला, त्यात रुपयाची खरेदीशक्ती स्थिर राहण्यालाच त्यांनी महत्त्व दिले होते. महागाई वाढते तसा ठरलेला हप्ता हलका होत जातो, शिवाय भाडेही वाचते, हे मान्य. परंतु हप्ता हलका होतो तो ज्याचा पगार महागाईबरोबर वाढतो त्याच्यासाठी. आपल्या मागच्या पिढीला रेल्वेत, पोस्टात, महापालिकेत कायम नोकऱ्या होत्या, महागाई भत्ता होता. आजची आपली किती मुले कंत्राटी आहेत ते आपापल्या घरात पाहा. ज्याचा करार दर अकरा महिन्यांनी नवा होतो त्याने वीस वर्षांचा करार करताना पगारवाढ गृहीत धरू नये, असे आमचे स्पष्ट मत आहे.

आता व्याजदर. घरकर्जाचा दर बहुधा बदलता असतो. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी बदलत्या दराची घरकर्जे रेपो दरासारख्या बाहेरच्या मापाला जोडावी लागतात. रिझर्व्ह बँकेने मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या दहा महिन्यांत रेपो दर ४ वरून साडेसहा टक्क्यांवर नेला. त्याचा परिणाम पाहा. २०२२ च्या सुरुवातीला कोणी २० लाखांचे कर्ज पावणेसात टक्क्यांनी, २० वर्षांसाठी घेतले असेल तर त्याचा हप्ता १५,२०७ रुपये बसला. अडीच टक्के वाढल्यावर दर झाला सव्वानऊ, आणि २० लाखांवर महिन्याचे नुसते व्याजच होते १५,४१७ रुपये. मधल्या काळात थोडेफार मुद्दल फिटले असले तरी हप्ता जवळजवळ सगळा व्याजातच जाणार. बँका अशा वेळी बहुधा हप्ता तोच ठेवून मुदत वाढवितात. माणसाला वाटते, आपले काही वाढले नाही. प्रत्यक्षात त्याची वर्षे वाढलेली असतात आणि निवृत्तीचे वय ओलांडून पुढे गेलेली असतात.

या प्रकाराची दखल घेऊन रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये नियम केला. दर बदलल्यामुळे हप्ता किंवा मुदत वाढणार असेल तर कर्जदाराला तसे कळविले पाहिजे. हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की दोन्ही थोडे थोडे, हे निवडण्याची मुभा त्याला दिली पाहिजे. दर तिमाहीला किती व्याज, किती मुद्दल वसूल झाले आणि किती हप्ते उरले याचे विवरण दिले पाहिजे. हा तुमचा हक्क आहे, पण तो मागितल्याशिवाय उपयोगी पडत नाही. आलेले विवरण मोबाईलमध्येच न वाचता पडून राहते. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते डिसेंबर या काळात रेपो दर सव्वापाच टक्क्यांपर्यंत खाली आला. आपल्या कर्जाचा दर त्याप्रमाणे उतरला का, हे किती जणांनी पाहिले? कर्ज जुन्या पद्धतीचे असेल तर दर हळू उतरतो. गृहवित्त कंपन्यांना तर रेपोशी जोडण्याची ती सक्ती नाही. अशांनी शाखेत जाऊन नव्या ग्राहकाला काय दर आहे ते विचारावे आणि लेखी अर्ज द्यावा. दर उतरल्यावर हप्ता कमी करून मागू नका. हप्ता तोच राहू द्या, मुदत आपोआप घटते.

कर्जाबाहेरचा खर्च थोडक्यात सांगतो. मुद्रांक शुल्क शहराप्रमाणे साधारण सहा ते सात टक्के, नोंदणी एक टक्का पण ३० हजारांपर्यंतच. घर केवळ स्त्रीच्या नावे घेतले तर महाराष्ट्रात मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे. सवलत नसती तरी घर तिच्या नावे असावे असे आम्ही म्हटले असते. सवलत आहे तर उत्तमच. हा खर्च साधारणपणे कर्जात धरला जात नाही, रोख उभा करावा लागतो. मग भिशी मोडली जाते, दागिने गहाण पडतात, नाहीतर वैयक्तिक कर्ज घेतले जाते.

तेथे एक सापळा आहे. काही पतपेढ्या आणि खासगी वित्तसंस्था सरसकट दर सांगतात. "फक्त दहा टक्के" असे म्हणून ५ लाख पाच वर्षांसाठी देतात, हप्ता १२,५०० रुपये. येथे मुद्दल फिटत गेले तरी व्याज मात्र शेवटपर्यंत पूर्ण ५ लाखांवर मोजलेले असते. घरकर्जाच्या पद्धतीने हिशेब केला तर हा दर सुमारे सव्वासतरा टक्के पडतो. दहाचा आकडा आणि साडेआठचा आकडा दिसायला शेजारी, पण एक दुसऱ्याच्या दुप्पट आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून बँका आणि वित्तकंपन्यांना नवीन कर्जासोबत की फॅक्ट स्टेटमेंट द्यावे लागते. त्यात सर्व शुल्के धरून वार्षिक खरा दर आणि हप्त्यांचा तक्ता असतो. सही करण्यापूर्वी तो कागद घरी आणून वाचा. इंग्रजी अडत असेल तर मंडळातील शिकलेल्या मुलांना बोलवा, शिक्षणाचा उपयोग तो नाही तर काय?

त्या कागदात विम्याची रक्कम सापडेल. कर्जासोबत एकरकमी हप्त्याचा विमा देऊन ती रक्कम कर्जातच मिळवितात. ६० हजार मिळविले तर साडेआठ टक्क्यांनी २० वर्षांत ते सव्वा लाख होतात. एका कमावत्याच्या घरात विमा हवाच. तो नसताना कर्ज काढणे हा संसारावर अन्याय आहे. पण साधा मुदतीचा विमा वेगळा घेऊन वर्षाला थोडा थोडा भरता येतो. दोन्ही दर विचारून मगच ठरवा.

प्राप्तिकराची सवलत मिळते म्हणून कर्ज काढा, असे सांगणारे नातेवाईक प्रत्येक घरात असतात. जुन्या करपद्धतीत स्वतः राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट आहे. नव्या करपद्धतीत राहत्या घरासाठी ती नाही. शिवाय वीस टक्क्यांच्या टप्प्यातील माणूस शंभर रुपये व्याज भरतो तेव्हा त्याचे वीसेक रुपये वाचतात, ऐंशी जातातच.

केंद्र सरकारच्या सेवेत असलेल्या बंधू-भगिनींनी आपल्या कार्यालयातील घरबांधणी अग्रिमाची चौकशी आधी करावी. त्यात व्याज सरळ पद्धतीचे असते. आधी जास्तीत जास्त १८० हप्त्यांत मुद्दल कापले जाते आणि नंतर जास्तीत जास्त ६० हप्त्यांत व्याज. दर साडेसात टक्के समजला तर २० लाखांवर सुमारे ११ लाख ३१ हजार व्याज होते. याच दराने २० वर्षांच्या बँकेच्या कर्जावर १८ लाख ६७ हजार होते. अग्रिमाला रकमेची आणि पात्रतेची मर्यादा आहे हे खरे, पण जेवढे मिळते तेवढे तरी तेथून घ्यावे.

ज्यांनी कर्ज आधीच काढले आहे त्यांनी निराश होऊ नये. त्यांच्या हातात मोठे साधन आहे, ते म्हणजे मुदतीआधी थोडी थोडी फेड. बदलत्या दराच्या घरकर्जावर व्यक्तीकडून मुदतपूर्व फेडीचा दंड बँकांना २०१२ पासून घेता येत नाही. आपल्या मूळ उदाहरणात दरवर्षी एकच जादा हप्ता, म्हणजे १७,३५६ रुपये भरले, तर कर्ज सव्वातीन वर्षे आधी संपते आणि चार लाखांच्या वर व्याज वाचते. दिवाळीचा बोनस, थकबाकी, वेतनवाढीतील फरक, जे मिळेल त्यातून हे करता येते. आणि हे लवकर करा. पहिल्या वर्षाअखेर १ लाख जादा भरले तर शेवटचे २६ हप्ते उडतात. तेच १ लाख पंधराव्या वर्षाअखेर भरले तर साडेआठ हप्ते. लग्नात आणि बारशात जो थाट आपल्यात अलीकडे शिरला आहे त्याविषयी आज बोलणार नाही, पण कर्जाच्या पहिल्या पाच वर्षांत केलेला प्रत्येक लाखाचा थाट प्रत्यक्षात किती लाखांना पडतो ते वरच्या आकड्यांवरून काढता येईल.

हे करतानाही धोरण हवे. सिगालोवाद सुत्तात मिळकतीचे चार भाग सांगितले आहेत. एक उपभोगासाठी, दोन उद्योगासाठी आणि चौथा संकटकाळासाठी राखून ठेवायचा. नोकरदाराला हे प्रमाण जसेच्या तसे लागू होईल असे आम्ही ओढूनताणून म्हणत नाही. परंतु तो चौथा भाग कर्जात घालू नका. सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च वेगळा राखल्यावरच जादा फेड करा. हप्ते थकले, खाते अनुत्पादक ठरले, तर २००२ च्या सरफेसी कायद्याखाली बँकेला कोर्टात न जाताही घरावर कारवाई करता येते. अडचण आली तर तोंड लपवू नका. पहिला हप्ता चुकण्याआधी शाखेत जाऊन लेखी कळवा.

जादा रक्कम भरताना अर्जात "मुदत कमी करावी, हप्ता कमी करू नये" असे स्पष्ट लिहा आणि नवा तक्ता मागून घ्या. पोच घेतल्याशिवाय शाखेतून निघू नका.

शेवटी कर्ज फिटल्यानंतरचे. घराची मूळ कागदपत्रे पूर्ण फेडीनंतर ३० दिवसांत परत दिली पाहिजेत. चूक संस्थेची असेल तर उशिराच्या प्रत्येक दिवसाला ५ हजार रुपये भरपाई तिने द्यावी, असा रिझर्व्ह बँकेचा नियम डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. कर्ज घेतेवेळी दिलेल्या कागदपत्रांची यादी बँकेच्या शिक्क्यासह जपून ठेवावी आणि तिची एक प्रत पत्नीजवळ असावी. बेबाकी दाखला घ्यावा. सातबारा किंवा मालमत्ता पत्रकावर बोजा चढविलेला असेल तर तो उतरविल्याचा उतारा काढून पाहावा. मंडळाच्या कार्यालयात कोणी आपल्या हप्त्याचा तक्ता घेऊन आले तर आमच्यातील बँकेत नोकरी केलेले दोन-तीन सभासद रविवारी सकाळी वंदनेनंतर बसून तो तपासून देतील. येताना मंजुरीपत्र आणि शेवटचे विवरण सोबत आणावे.

जयभीम, नमो बुद्धाय.